ओ देणारी बाजू

१

शाळेचं काम आलं की मुकादमाच्या कपाळाला आदल्या दिवसापासून आठ्या पडायच्या. बँक परवडली, दवाखाना परवडला, काडीमोडाचं कोर्टसुद्धा परवडलं, पण शाळा नको, असं तो म्हणायचा. पोरांचा आवाज चिवट. एका सत्रात वर्गाची जमीन इतकी वर यायची की बाकावर बसलेल्यांचे गुडघे हनुवटीला टेकायचे. तेव्हा कुठे शाळेला जाग यायची आणि खरवडणाऱ्यांना बोलावणं जायचं. पाढ्यांचा थर निदान पापुद्र्यासारखा अलगद सुटतो. मधल्या सुट्टीच्या कालव्यापुढे मात्र पटाशीची धार जाते.

ठिणगीला हे काम मनापासून आवडायचं. नाव मुकादमानेच ठेवलेलं. कामाच्या पहिल्या दिवशी तिने त्याला घमेलं कसं धरावं यावर चार शब्द सुनावले होते, तेव्हापासून ते चिकटलं. कॉलेजची पदवी घेऊन ती या कामात शिरली तेव्हा घरातल्या वडीलधाऱ्यांनी नाकं मुरडली. शिकलीसवरलेली पोर, आणि लोकांची बडबड घमेल्यात भरते. ज्यांच्या बडबडीने गल्ल्या बुजत आल्या होत्या तेच हे म्हणत होते.

त्या गावात आवाज बसायचा. बोललेला शब्द, आपटलेलं भांडं, शिंक, खोकला, सगळं कानावर पडून झालं की जमिनीवर पडायचं. आधी ओल्या साबणासारखं पांढरं, आणि दिवस मावळेपर्यंत करडं, टणक. बाजारपेठ त्यामुळे टेकडीवर होती. आधी टेकडी होती आणि मग बाजार बसला, असं नव्हे. बाजार बसला म्हणून टेकडी झाली. दुकानांचे जुने मजले पायाखाली गाडले गेले होते आणि व्यापारी पिढ्यानपिढ्या वर सरकत होते. वाचनालय खोल खळग्यात होतं, तिथे पायऱ्या उतरून जावं लागे. कोपऱ्यावरच्या चहाडखोर बाईला स्वतःच्या उंबऱ्यावर चढायला शिडी लागायची. आणि ज्या घरात नवरा-बायको एकमेकांशी बोलत नाहीत त्या घरात पावसाचं पाणी शिरतं, हे तर शेंबड्या पोरालाही माहीत होतं.

थर बघून माणूस ओळखणं ठिणगीच्या हातात उपजतच होतं म्हणा ना. भांडणाचा थर कपच्यांचा, हाताला कापणारा. हसण्याचा रवाळ. आवाज तोंडापासून हात-दोन हातांवर पडतो, त्यापुढे जात नाही. उभ्या माणसाचा आवाज उंचावरून पडून पसरतो, कडेला शिंतोडे उडतात. बसलेल्याचा जाड आणि आटोपशीर पडतो. एवढं वाचता आलं की कोण कुठे उभं होतं, कोणाकडे तोंड करून होतं, हे सांगता येतं. रोजच्या ऐकण्यातले शब्द नुसत्या घडणीवरून ओळखू येतात. पण थर परत बोलत मात्र नाही. कान लावा, हातोडीने ठोका, डोकं आपटा, तो मुका तो मुकाच.

संध्याकाळी ती घरी यायची. दारात बूट काढता काढता हाक मारायची, “आई.” मग तिला आठवायचं.

२

दारापासून स्वयंपाकघरापर्यंत एक लांब, अरुंद बोळ होता. टोकाला स्वयंपाकघराची खिडकी, तेवढाच काय तो उजेड. दाराच्या बाजूला ठिणगीच्या हाकांचा उंचवटा. शाळेतून, कॉलेजातून, कामावरून येऊन दारातच मारलेल्या सगळ्या हाका. तिच्या हाकेला शेपूट असायचं. ती “आई” मधली ई ओढायची, त्यामुळे प्रत्येक थर पुढे निमुळता होत गेलेला. पलीकडे स्वयंपाकघराच्या उंबऱ्यापाशी आईचा उंचवटा. ती ओ देणारी बाजू. दोन्हींच्या मध्ये खोलगट जागा, जिथे दोघींपैकी कोणाचाच आवाज पोहोचत नसे.

“ओ. आले, आले,” असं आई म्हणायची, आणि कधीच यायची नाही. हात पिठात असायचे, नाहीतर शेगडीवर काहीतरी उतू जात असायचं. आले याचा अर्थ एवढाच की तू आलीस ते कळलं, आता हात-पाय धू आणि गप्प बस. समोरचा एक दात पडल्यापासून तिच्या बोलण्यात वारा शिरायचा, आणि तेव्हापासूनच्या तिच्या प्रत्येक थरात मधोमध केसाएवढी बारीक रेघ असायची. लाख थरांत ठिणगीने तो थर डोळे मिटून बोटाने ओळखला असता.

आई गेली ती दुपारी. बाबा बाहेर गेले होते, ठिणगी शाळेच्या कामावर होती. बाबा परत आले तेव्हा ती स्वयंपाकघरात पालथी पडलेली, डोकं उंबऱ्याकडे, एक हात उंबऱ्यावर. डॉक्टर म्हणाले, हृदय. डॉक्टर आणखी काय म्हणणार?

त्या गावची रीत अशी, की माणूस जिथे पडलं ती जागा घरातल्या थोरल्या बाईने त्याच दिवशी एकटीने खरवडायची, दार लावून, कोणी बघायचं नाही. ते काम आत्याने केलं. त्यानंतर ऋतू बदलायच्या आत सगळं घर दगडापर्यंत खरवडायचं, आणि गेलेल्या माणसाचा सगळा आवाज गावाबाहेरच्या डोंगरावर नेऊन टाकायचा. तोवर जोडीदाराने बोलायचं नाही. आणि गेलेल्याला घरात हाक मारायची नाही.

ठिणगीने माजघर खरवडू दिलं, वरची खोली खरवडू दिली. बोळाला मात्र हात लावू दिला नाही. बाबा त्यामुळे अजून मुके होते. ते समोर बसून जेवायचे, मान हलवायचे, आणि तिच्याकडे अशा नजरेने बघायचे की त्यापेक्षा त्यांनी दोन शिव्या दिलेल्या बऱ्या. रीत मोडायची त्यांची छाती नव्हती. पोरीपुढे रीत दामटायचीही नव्हती. म्हातारी माणसं अशीच, तिला वाटायचं. गप्प बसतील, पण गप्प का बसावं लागलं याचा हिशोब मागणार नाहीत.

३

आईची एक चप्पल उंबऱ्यापाशी राहिली होती. ती तिथून हलवायचं ठिणगीच्या जिवावर यायचं. एका संध्याकाळी केर काढताना तिने चप्पल उचलायला हात घातला, तर ती हलेना.

तळव्याच्या कडेने पांढरा थर धरला होता.

ती उकिडवी बसली. चुकून बाबा बोलले असतील. पण बाबांचा थर भरड, वाळूसारखा. हा तसा नव्हता. मग पडसाद असेल. बोळ अरुंद आहे, तिची हाक पलीकडच्या भिंतीवर आपटून परतली असेल. पण पडसादाचा थर पातळ असतो आणि त्याचे कण उलटे बसतात. हे तर ती शिकाऊ पोरांना पहिल्या आठवड्यात सांगायची. तिने बोट फिरवलं. थर ओला होता, किंचित कोमट.

मधोमध केसाएवढी रेघ.

तिने हात मागे घेतला आणि बराच वेळ ते बोट दुसऱ्या हाताच्या मुठीत धरून बसली. मग तिला स्वतःचाच राग आला. शिकलेली बाई, आणि चपलेला घाबरते. जुना थर उकलला असेल, ओल आली असेल, घरं जुनी झाली की काय वाटेल ते होतं. असं म्हणून ती उठली, बाबांना वाढलं, भांडी घासली. बाबांनी ताटातून मान वर करून भुवया उंचावल्या. काही नाही, ती म्हणाली, चप्पल चिकटलीय.

४

दुसऱ्या दिवशी तिने घरात शिरताना हाक मारली नाही. ओठ दाताखाली धरून बूट काढले. बोळाच्या टोकाला जाऊन पाहिलं. कालचा थर करडा पडला होता, नवा काही नव्हता. बघ, तिने स्वतःला सांगितलं. मग दाराशी परत गेली, आणि नुसतं खात्रीसाठी एक हाक मारली.

काही ऐकू आलं नाही. घर नेहमीसारखंच शांत. खिडकीतून शेजाऱ्याच्या नळाचा आवाज येत होता, तोही खिडकीखालीच साचत होता.

ती चालत गेली. उंबऱ्यापाशी एक नवा, पांढरा, ओला थर.

पुन्हा दाराशी. पुन्हा हाक. पुन्हा नवा थर, पहिल्यावर. तिसऱ्यांदा हाक मारताना तिचा आवाज चिरकला, आणि तिसरा थर आधीच्या दोन्हींपेक्षा जाड पडला. आईला तिच्या आवाजातलं रडू नेहमी दारातूनच कळायचं, तसा.

ठिणगी बोळात बसून रडली. भीती वाटायला हवी होती, हे तिला कळत होतं. पण एखाद्याला महिनोन् महिने उपास घडला असेल आणि त्याच्यापुढे कोणी ताट ठेवलं, तर ताट कोणी ठेवलं हे तो आधी विचारत नाही.

५

त्यानंतर ती कामावरून पळतच यायची. मुकादम चिडवायचा, की घरी कोणी वाट बघतंय का गं. ती म्हणायची, हो. तो हसायचा आणि लग्नाचं विचारायचा, मग ती पटाशी उगारायची.

हाक मारली की ओ यायचाच. बाकी कशालाही येत नसे. तिने दिवसभराच्या गमती सांगून पाहिल्या, मुख्याध्यापकांच्या खोलीत नुसत्या घोरण्याचा थर निघाला ते सांगितलं, आत्याची नक्कल करून दाखवली. तिकडून काही नाही. पण “आई” म्हटलं की बोळाच्या पलीकडे काहीतरी पांढरं अंग धरायचं. ते पडताना तिला कधी दिसलं नाही. ती चालत पोहोचायची तेव्हा पडून गेलेलं असायचं. ती त्यावर तळवा ठेवायची. ऊब जाईपर्यंत तशीच बसायची. बाबा येण्याच्या वेळेला उठायची.

एक गोष्ट तिच्या उशिरा ध्यानात आली. खरं तर पहिल्याच नजरेत यायला हवी होती. दुसऱ्या कोणाचं घर असतं तर आली असती.

नवे थर उंबऱ्यावर पडत नव्हते. चपलेपासून ते बोळात हातभर पुढे आले होते. मग दीड हात. आईचा उंचवटा जिथे संपायचा तिथून थरांची एक जीभ खोलगट जागेत उतरत होती, दाराच्या दिशेने. आवाज तोंडापासून हात-दोन हातांपलीकडे पडत नाही. म्हणजे तोंड आता उंबऱ्यात नव्हतं. बोळात होतं.

येतेय, तिच्या मनात आलं, आणि ते सुख होतं की भय हे तिला सांगता आलं नसतं. जन्मभर नुसतं आले म्हणणारी आई या खेपेस खरंच येत होती.

मग तिने कामावरची चौकस नजर लावली. गुडघ्यावर बसून, दिवा जमिनीलगत धरून, एखाद्या परक्या घराचं काम असावं तसं ते थर वाचले. कडेला शिंतोडे नव्हते. एकही नाही. उभ्या माणसाचा आवाज असा पडत नाही. बसलेल्याचाही इतका जाड, इतका जागच्या जागी पडत नाही. तिने एकाची जाडी बोटाने मोजली, दुसऱ्याची मोजली. पुन्हा मोजली. असा थर तिने फक्त दवाखान्याच्या कामात पाहिला होता, खाटांच्या खाली, जिथे माणसं पडलेली सापडतात.

तोंड जमिनीपासून वीतभर उंचीवर होतं.

आणि प्रत्येक हाकेनिशी ते थोडं पुढे सरकत होतं. थरांच्या दोन्ही अंगांना काहीतरी घासत गेल्यासारखा जमिनीचा करडा रंग फिका झाला होता. तिने दिवा मालवला. त्या दिवशी तिने आणखी हाक मारली नाही, आणि बाबा आल्यावर त्यांच्या पानात मीठ दोनदा वाढलं. दुसऱ्या संध्याकाळी मात्र ती पुन्हा दारात उभी राहून हाका मारू लागली.

६

सुट्टीच्या दिवशी दुपारी आत्या आली, ती मुकादमालाच घेऊन. तिने त्याला परस्पर गाठून काम ठरवलं होतं. मुकादम पटाश्या, कुंचे, घमेली घेऊन पायरीवर खाली मान घालून उभा. बाबा त्याच्या शेजारी जाऊन बसले. ठिणगीने दोघांकडे असं पाहिलं की मुकादम चपला न्याहाळू लागला.

आत्या आत येऊन शेगडीजवळच्या पाटावर बसली आणि नेहमीचं पारायण सुरू झालं. ऋतू संपत आला, लोक विचारतात, बापाचं तोंड बांधून ठेवलंयस, तो काही बोलत नाही म्हणून त्याला काही वाटत नाही असं समजू नकोस. ठिणगी म्हणाली, तू त्यांच्या वाटचंही बोलतेस की, घराच्या जमिनीला थरांचा तोटा नाही. आत्या म्हणाली, जिभेला हाड नाही तुझ्या. ठिणगी म्हणाली, घराण्याचा वारसा आहे.

एरवी आत्या इथे तडकायची. या वेळी ती उठली. तिने बोळाकडे पाहिलं, खोलगट जागेत उतरलेल्या त्या नव्या जिभेकडे पाहिलं, आणि पुन्हा पाटावर बसली.

“तू हाका मारतेयस,” ती म्हणाली.

ठिणगीने नजर चपलेकडे वळवली.

“एक विचारते. खरं सांग. त्या दिवशी तू का निघून गेलीस?”

“कुठल्या दिवशी? कुठून?”

“बये, मला आता वेड पांघरून दाखवू नकोस. एवढे दिवस मी पोटात ठेवलं. तुझ्या बापाला कळू दिलं नाही. ही जागा मी खरवडली ना त्या दिवशी. शेगडीपासून उंबऱ्यापर्यंत तुझ्या आईचे थर होते. सगळे खालून पडलेले. आले, आले, आले. पडल्यावरही ती म्हणत होती. सरपटत जाऊन म्हणत होती. कोणाला तरी ओ देत होती.”

ठिणगी उंबऱ्यापाशी जमिनीवर बसली.

“मग मी दाराशी जाऊन पाहिलं,” आत्या म्हणाली. “तिथे तुझ्या हाका होत्या. ओल्या. एकावर एक, शेपटाच्या. तुझ्या हाका मला ओळखता येत नाहीत? तुला बोलायला मी शिकवलंय. तू दारात उभी राहून हाका मारल्यास, ती बिचारी येत राहिली, आणि तू आत डोकावलीसुद्धा नाहीस. कंटाळली असशील. घाईत असशील. तरणं रक्त, मी समजू शकते. पण तुझा बाप नसता समजला. म्हणून मी त्या हाकाही खरवडल्या.”

“आत्या, मी नव्हते आले.”

“पोरी.”

“मुकादमांना विचार. दिवसभर मी शाळेत होते. बाबांनी माणूस पाठवला, तो तिथून मला घेऊन आला.”

आत्या उठून दारापर्यंत गेली. बाहेर हलक्या आवाजात बोलणं झालं. परत आली तेव्हा तिचा चेहरा उतरला होता. इतके दिवस तिने ठिणगीचं पाप म्हणून जे पदराआड जपलं होतं ते पाप नव्हतंच, आणि आता त्याच्या जागी काय ठेवायचं हे तिला समजत नव्हतं. ती भाचीशेजारी जमिनीवर बसली, तिचा हात हातात घेतला.

“मग कोणी मारल्या हाका?” तिने विचारलं.

मी मारल्या, ठिणगीच्या मनात आलं. काल मारल्या. परवा मारल्या. खात्रीसाठी एक मारली, मग आणखी दोन. रोज पळत घरी येऊन मारल्या. आईने त्या ऐकल्या, तेव्हा तिचे हात पिठात होते. ती घाईने वळली.

हे जुळत नव्हतं. नंतर मारलेली हाक आधीच्या दुपारी कशी पोहोचेल. आणि आई उंबऱ्याच्या आत सापडली होती, बोळात नव्हे. तिने दोन्ही टोकांनी विचार करून पाहिला. तर्क एका जागेपर्यंत तिच्यासोबत आला आणि तिथे बसकण मारून राहिला. पण दाराशी ओल्या हाका होत्या, आणि इथे खालून पडलेले ओ होते, आणि मधली जागा रोज थोडी थोडी भरत होती. बोळात कोणीतरी पालथं पडलेलं होतं, आणि हाक आली की कोपरांवर जोर देऊन पुढे सरकत होतं.

“मला थोडा वेळ दे,” ती आत्याला म्हणाली. “मग काय हवं ते खरवडा. पण तू बाहेर थांब. त्यांनाही आत येऊ देऊ नकोस.”

नेहमीची आत्या असती तर म्हणाली असती, तू कोण मला सांगणारी. तिने फक्त मान डोलावली आणि जाताना दार ओढून घेतलं.

७

ठिणगी दाराशी उभी राहिली, तिच्या नेहमीच्या जागी. पायाखाली तिचा उंचवटा, समोर बोळ, टोकाला खिडकीचा उजेड. नवे थर आता इतके जवळ आले होते, की आणखी चार-पाच हाकांत ते तोंड तिच्या पावलांपाशी पोहोचलं असतं. ती खाली वाकली असती. हात पुढे केला असता. काय हाताला लागलं असतं ते लागलं असतं, तिचं असतं. मुकादमाचं काम सुरू होईपर्यंत वेळ होता. चार हाकांना कितीसा वेळ लागतो?

तिने तोंड उघडलं आणि मिटलं.

मग ती उंचवट्यावरून खाली उतरली. एवढ्या वर्षांत त्या खोलगट जागेत ती कधी थांबली नव्हती. तिथून फक्त जायचं-यायचं. तिथे ती पालथी झोपली, गाल जमिनीवर टेकून, तोंड स्वयंपाकघराकडे. शेवटच्या थरापासून हातभर अंतरावर. तिचं तोंडही आता जमिनीपासून वीतभरच होतं.

“मी घरी नाहीये,” ती हळू म्हणाली.

तिचा आवाज पुढे पडला, पांढरा, आणि आईच्या शेवटच्या थराला जाऊन टेकला.

“मी शाळेच्या कामावर आहे. अजून सुट्टी व्हायचीय. मी हाक मारली नाही, तुला भास झाला. उठू नकोस. धावू नकोस कुठे. हातातलं आटप सावकाश. मला काही नकोय.”

एवढं खोटं ती आयुष्यात कधी बोलली नव्हती.

ओ आला नाही. समोरची जमीन होती तशीच राहिली. तिच्या गालाखाली मात्र काहीतरी सैल झाल्यासारखं वाटलं, जसं कोणी घट्ट धरलेला श्वास सोडावा आणि त्याची ऊब लागावी, आणि मग ती ऊब तिच्या तोंडावरून, केसांवरून मागे मागे सरत गेली, बोळाच्या टोकाकडे. तिने मान उचलली नाही. उचलायची हिंमत नव्हती. नुसती नजर वर नेली.

आईच्या उंचवट्यावर, खिडकीच्या उजेडात, दोन टाचा होत्या.

भेगाळलेल्या, एकीला पीठ लागलेलं. पाठमोऱ्या. त्यांच्या वर उजेड इतका होता की काही दिसत नव्हतं, किंवा होतं आणि तिने पाहिलं नाही. टाचा क्षणभर थांबल्या, काहीतरी विसरलेलं आठवून बघणारं माणूस थांबतं तशा. मग एक उचलली गेली. शेगडीच्या दिशेने.

हाक तिच्या घशात भरली. ती येताना तिला कळलीही नाही, लहानपणापासूनची सवय. जिभेवर आली, दातांना धडकली. एक हाक, आणि त्या टाचा वळल्या असत्या. तिने दोन्ही तळवे तोंडावर दाबले, कपाळ जमिनीवर दाबलं, आणि तशीच पडून राहिली.

मागे दार किलकिलं झालं. मुकादमाने दबक्या आवाजात विचारलं, “सुरू करू का गं?”

तिने तोंडावरचे हात काढले नाहीत. नुसती होकारार्थी मान हलवली.